शंकरप्पा दारू पीत नव्हते

शिवगंगा हलगेच्या मालिकेत मेलेला माणूस कधी दारू प्यालेला नसायचा.

'ठाणे अंमलदार' अकरा वर्षं तिच्या हाती होती. साडेसहाशेच्या वर भाग झाले. त्यात माणसं विहिरीत पडली, ट्रकखाली आली, उसाच्या फडात सापडली, पण एकाच्याही तोंडाला वास आला नाही. नवा लेखक लागला की पहिल्याच आठवड्यात हमखास लिहून आणायचा, 'मयत दारूच्या नशेत असल्याने तोल जाऊन...' शिवगंगा तेवढी ओळ खोडायची आणि कागद परत द्यायची. "दुसरं काहीतरी शोध. ही ओळ आळशी हवालदाराची असते, नाहीतर मिंध्या हवालदाराची." लेखक आपसांत हसायचे. बाईंना दारूचं वावडं आहे, म्हणायचे. ही ओळ तिनं वयाच्या अकराव्या वर्षी पहिल्यांदा ऐकली आणि ती तिच्या वडलांबद्दल होती, हे त्यांच्यापैकी एकालाही ठाऊक नव्हतं.

शहाऐंशीचा उन्हाळा होता. सिंदफणेच्या काठावर पिंपळटेक नावाचं गाव. माजलगावचं धरण अजून पुरं व्हायचं होतं आणि नदी कोरडी ठाक पडली होती. गावाखालच्या डोहात तेवढं पाणी उरलं होतं. त्या डोहावर गावाची उपसा सिंचन सहकारी संस्था होती. संस्थेचे चेअरमन बबनराव, गावातले सगळ्यात मोठे बागायतदार. मोटारीची किल्ली मात्र शंकरप्पांकडे असायची. शंकरप्पा हलगे संस्थेचे मोटारवाले. गावात लिंगायताचं एवढंच एक घर. सकाळी अंघोळ करून गळ्यातल्या लिंगाची पूजा झाल्याशिवाय माणूस पाण्याचा घोट घ्यायचा नाही. पान नाही, तंबाखू नाही.

त्या चैत्रात कलेक्टरचा हुकूम आला. डोहातलं पाणी फक्त पिण्यासाठी, उसाला एक थेंब द्यायचा नाही. शंकरप्पांनी पंपघराला कुलूप घातलं आणि किल्ली करदोट्याला बांधली. बबनरावांचा ऊस वाळायला लागला. त्यांनी दोनदा निरोप पाठवला, तिसऱ्यांदा स्वतः आले. शिवगंगा दारातच बसली होती. आत काय बोलणं झालं ते तिला कळलं नाही, पण बाहेर पडताना बबनराव म्हणाले, "किल्ली संस्थेची हाय शंकरप्पा, तुझ्या बापाची न्हाई."

चार दिवसांनी शंकरप्पांना बैलगाडीतून घरी आणलं. दिवस मावळायला आला होता. पंपघरात शॉक लागला, असं सगळे सांगत होते. अंगाला दारूचा भपकारा येत होता. शिवगंगाची आई बसम्मा रडली नाही. सगळ्या गावासमोर ती गाडीत चढली, वाकली, नवऱ्याच्या तोंडाजवळ नाक नेलं. मग सदऱ्याजवळ नेलं. मग गाडीचं चाक धरून उभ्या असलेल्या माणसांकडे बघत म्हणाली, "वास सदऱ्याला हाय. तोंडाला न्हाई."

कुणी काही बोललं नाही. हवालदारानं तोवर लिहून आणलं होतं. मयत दारूच्या नशेत पंपघरात शिरला, उघड्या वायरला हात लागला. दोन पंचांच्या सह्या होत्या. बबनरावांनी स्वतः शाईची डबी पुढं धरली. "वयनी, ह्याच्याशिवाय माती देता येनार न्हाई. अंगठा करा." कागदात काय आहे ते बसम्माला कुणी वाचून दाखवलं नाही. तिनं अंगठा केला. आपला नवरा रोज प्यायचा, असं त्या कागदात तिच्याच तोंडी घातलंय, हे तिला महिन्याभरानं कळलं.

गावात नंतर राहणं झालं नाही. पाण्याच्या रांगेत बसम्माची घागर मागं सरकायला लागली, शाळेत शिवगंगाला 'बेवड्याची' असं नाव पडलं. शेवटी चौसाळ्याहून रेवणसिद्धमामा आले आणि दोघींना घेऊन गेले. मामांचं चौसाळ्याला हमरस्त्यावर किराणा दुकान होतं. तिथं शिवगंगा पुड्या बांधत वाढली, बारावी झाली, हट्टानं औरंगाबादला नाटक शिकायला गेली. मामा म्हणाले, "नाटक शिकून काय करनार गं?" ती म्हणाली, "माणसं खोटं कसं बोलतात ते बघायचंय." मामांना वाटलं, पोरगी काहीतरीच बोलते.

मुंबईत तिनं पहिली सहा वर्षं दुसऱ्यांच्या मालिकांची कामं केली. कपड्यांच्या पेट्या सांभाळल्या, नट्यांच्या शिव्या खाल्ल्या, रात्रीत प्रसंग पाडून दिले. मग गुन्ह्यांच्या मालिकांची लाट आली आणि तिला तिचं काम सापडलं. इतर लेखक वर्तमानपत्राची कात्रणं घेऊन बसायचे. शिवगंगा थेट पोलीस ठाण्यात जायची. ओळखी काढून, तासन् तास बाकावर बसून, जुन्या फायली मिळवून वाचायची. पंचनाम्यापासून सुरुवात करायची. पंचनामा कुणी लिहिला, किती वाजता लिहिला, पंच कुणाचे नोकर होते. भायखळ्याच्या एका म्हाताऱ्या हवालदारानं तिला एक गोष्ट शिकवली होती. माणूस बोलता झाला की त्याला प्रश्न विचारायचा नाही. चहा पुढं सरकवायचा आणि गप्प बसायचं.

दोन हजार पाच साली तिनं स्वतःची मालिका काढली. नाव झालं, पुरस्कार मिळाले, अंधेरीत ऑफिस झालं. मुलाखतीत विचारायचे, तुम्हाला गुन्ह्यांचं एवढं आकर्षण का? ती काहीतरी गुळमुळीत सांगून वेळ मारून न्यायची. खरं उत्तर एका माणसाचं नाव होतं, आणि ते ती कुणापुढं काढत नव्हती. तिच्या मालिकेतल्या खलनायकांत मात्र बबनराव तुकड्यातुकड्यानं हिंडत होते. एकाला त्यांचं खाकरणं, एकाला करंगळीतली अंगठी, एकाला 'तुझ्या बापाची न्हाई' हे वाक्य. साडेसहाशे भागांत तिनं त्या माणसाला दीडशेदा तरी बेड्या घातल्या असतील. तरी पोट भरलं नाही.

सोळा साली पुन्हा दुष्काळ पडला. माजलगावच्या धरणाचा तळ उघडा पडला, टँकरनं पाणी यायला लागलं. बातम्यांत भेगाळलेली जमीन बघताना शिवगंगाच्या मनात आलं, आता डोहही आटला असेल. पंपघर असेल का अजून? बबनराव?

तिनं माणूस पाठवून चौकशी केली. पंपघर होतं. संस्था बंद पडून पंधरा वर्षं झाली होती, तरी कुलूप घालून ठेवलं होतं. बबनराव अठ्ठ्याहत्तर वर्षांचे, काठी टेकत का होईना पण हिंडते-फिरते. त्यांचा नातू बद्रीनाथ त्या वर्षी साखर कारखान्याच्या निवडणुकीला उभा राहत होता.

शिवगंगा नाव बदलून गेली नाही. सरळ त्यांच्या ओसरीवर जाऊन बसली. "मी शंकरप्पा हलग्यांची शिवगंगा."

म्हातारा क्षणभर चपापला, मग हसला. "आरं तिच्या! शंकरप्पाची पोरगी का तू? टीव्हीवर नाव बघतो की तुजं. आमच्या गावची पोरगी म्हून सांगतो समद्यांला." आणि आत वळून ओरडला, "च्या ठिवा बरं!"

तिनं गोष्ट सांगितली. दुष्काळातलं गाव, सहकारी संस्था, शॉक लागून मेलेला मोटारवाला. घातपात करणारा एक बाहेरगावचा ठेकेदार निघतो, आणि गावचे चेअरमन पोलिसांना मदत करून त्याला पकडून देतात. ऐकता ऐकता बबनरावांचे डोळे बारीक झाले. गोष्ट कुणाची ते त्यांनी पहिल्या वाक्यालाच ओळखलं होतं. पण ही गोष्ट टीव्हीवर गेली तर गावातल्या जुन्या कुजबुजीवर कायमची माती पडणार होती, तीही मेलेल्याच्या पोरीच्या हातून. नातवाची निवडणूक तोंडावर होती.

"चेअरमनचं काम कोन करनार?" त्यांनी विचारलं.

"तुम्हीच करा. तुमच्यासारखा नट मला मुंबईत मिळायचा नाही."

हे ती खोटं बोलली नव्हती.

तिचा बेत साधा होता. दोन शेवट लिहिले होते. गावात एक वाचून दाखवायचा, मुंबईत दुसरा जोडायचा. म्हाताऱ्याचं नुसतं चालणं, बघणं, पंपघराचं दार उघडणं चित्रित करायचं, आणि संकलनात ठेकेदाराला काढून टाकून त्याच्या जागी म्हाताऱ्यालाच बसवायचं. संमतीच्या कागदावर त्यांनी न वाचताच सही ठोकली. सही होत असताना शिवगंगा त्यांच्या हाताकडे बघत होती. त्या रात्री चौसाळ्याला मामांच्या घरी ती किती तरी दिवसांनी पोटभर जेवली.

आई समोर बसून वाढत होती. बसम्मा आता सत्तरीला आली होती. मुंबईला कधी राहिली नाही, भावाच्या घरातच माडीवरच्या खोलीत असायची.

"पिंपळटेकला जाती म्हन रोज," ती शेवटी म्हणाली.

"शूटिंग आहे माय."

"त्या मानसाकडं कावून जाती?"

"बघशील तू. थोडे दिवस थांब."

"मी थांबलेलीच हाय," बसम्मा म्हणाली आणि ताटं उचलून मोरीकडे गेली.

तिसऱ्या दिवशी पंपघरातला प्रसंग होता. कुलूप काढलं तेव्हा आत वटवाघळांची घाण आणि गंजलेल्या मोटारीचा सांगाडा होता. साफसफाई करून दिवे लावले. मोटारवाल्याचं काम करणारा नट मोटारीशेजारी उताणा पडला. चेअरमन दार ढकलून आत येतात, प्रेत बघतात, टोपी काढतात, एवढंच होतं. बबनरावांच्या छातीला छोटा माइक लावला होता. दिग्दर्शकानं तीनदा करून घेतलं, मग कॅमेऱ्याची बॅटरी बदलायची म्हणून सगळे बाहेर सावलीला गेले. नटही उठून गेला. आत शिवगंगा आणि बबनराव दोघंच उरले. ते खुर्चीवर बसून घाम पुसत होते.

"ते पोरगं चुकीचं पडतंय," ते म्हणाले.

"कसं?"

"उतानं न्हाई. तिकडं, त्या भिताडाला टेकून बसलता."

पंचनाम्यात 'मोटारीशेजारी उताण्या स्थितीत' असं होतं. तो कागद तिनं कधीच मिळवून पाठ केला होता. मेलेला माणूस भिंतीला टेकून बसत नाही. प्रश्न जिभेवर आला होता. तिनं तो गिळला आणि समोरचा चहाचा कप त्यांच्याकडे सरकवला.

म्हाताऱ्यानं घोट घेतला. भिंतीकडे बघत राहिला.

"जिता होता की," तो म्हणाला. "बारा वाजता लाइट यायची आन् चारला जायाची. कुलूप आमच्या सटवानं तोडलं, सालगड्यानं. वायर डायरेक लावली. ऊस गेला असता ना समदा. ह्यो पळत आला आन् वायर वढाय गेला. फेकला गेला त्या भिताडाला. मी जीप घिऊन आलो तवा बसलता. हात काळा पडलता, पन डोळे उघडे. मला वळखलं त्यानं."

बाहेर कुणीतरी हसत होतं.

"माजलगावच्या दवाखान्यात न्यायचा तर डाक्टर इचारनार, शॉक कसा लागला. मोटर कावून चालू होती. कलेक्टरचा हुकूम. संस्था बरखास्त झाली असती बाई. चारशे घरांची संस्था ती, माझ्या एकट्याची न्हाई. म्हनलं बघू, यील शुद्धीवर नीट. चार वाजेपोतर मोटर चालू द्यावी, मंग बघावं. चारला बघितलं तर गेलता."

"आणि दारू?" हे तिच्या तोंडून सुटलंच.

"ती सटवाची. आक्कल त्याचीच." त्यांनी कप खाली ठेवला. चेहऱ्यावर पश्चात्ताप वगैरे काही नव्हतं. जुना हिशोब समजावून सांगितल्यावर माणूस सैलावतो, तसे ते सैलावले होते. "आता कावून उगाळायचं ते? तुजं तर चांगलंच झालं की. बाप असता तर हितंच कुनाच्या तरी घरात भाकऱ्या थापीत बसली असतीस."

शिवगंगा उठली. बाहेर आली. उन्हात साउंडवाला कानाला हेडफोन लावून बसला होता. तो केरळचा, त्याला यातलं अक्षर कळलं नव्हतं.

"मॅडम, माइक चालूच राहिला," तो हिंदीत म्हणाला. "पुसून टाकू?"

"हात लावू नकोस," ती म्हणाली.

दोन शेवटांची आता गरज उरली नव्हती. मुंबईत वाहिनीच्या वकीलबाईनं रेकॉर्डिंग ऐकलं, भाषांतर वाचलं आणि दोन्ही हात वर केले. हे प्रसारित करता येणार नाही, पोलिसांकडे द्या, कोर्टात जे व्हायचं ते होईल. तिचं बरोबरच होतं. पण कोर्टात हा आवाज एका न्यायाधीशापुढे वाजणार होता, तोही कदाचित दहा वर्षांनी. शिवगंगाला तो गावापुढे वाजवायचा होता. जी माणसं गाडीचं चाक धरून गप्प उभी होती, त्यांच्यापुढे.

बबनरावांनी आपल्या पायानंच तिची वाट सोपी केली. भाग टीव्हीवर येण्याआधी गावाला दाखवायचा, असं त्यांनी ठरवलं. बद्रीनाथनं माजलगाव रस्त्यावरचं मंगल कार्यालय घेतलं, पडदा लावला, पाचशे माणसांचा स्वयंपाक सांगितला. दुष्काळात गोडाचं जेवण म्हटल्यावर आजूबाजूच्या वस्त्यांतूनही माणसं आली. दुपारी बाराची वेळ होती. त्याच दिवशी सकाळी शिवगंगानं रेकॉर्डिंगची एक प्रत आणि लेखी तक्रार बीडला जाऊन पोलिसांत दिली, पोच घेतली, आणि मगच ती कार्यालयात आली. मामा आणि बसम्मा तिसऱ्या रांगेत बसले होते. तिनं दोघांनाही काही सांगितलं नव्हतं. आई बघेलच, असं तिला वाटत होतं. तीस वर्षं ज्याची वाट बघितली ते आईला आपल्या हातानं द्यायचं, आधी सांगून त्याची चव कशाला घालवायची?

बबनराव पहिल्या रांगेत, गळ्यात हार. पडद्यावर ते दिसले की टाळ्या पडत होत्या. पंपघराचं दार उघडलं, ते आत आले, टोपी काढली. तिथं चित्र थांबलं. पडदा काळा झाला. आणि कार्यालयाच्या चारी कोपऱ्यांतल्या भोंग्यांतून आवाज आला, "उतानं न्हाई. तिकडं, त्या भिताडाला टेकून बसलता."

आवाज कुणाचा ते कुणाला सांगावं लागलं नाही. पहिल्यांदा लोकांना वाटलं, हेही नाटकातलंच. 'आमच्या सटवानं' म्हटल्यावर मागं एक बाई चटकन उभी राहिली आणि परत बसली. ती मेलेल्या सटवाची सून होती. बद्रीनाथ पडद्यामागं धावला. पण चित्र दाखवायचं मशीन शिवगंगाच्या माणसांच्या व्हॅनमध्ये होतं आणि तिचं दार तिनं आतून लावून घ्यायला सांगितलं होतं. आवाज शेवटपर्यंत वाजला. भाकऱ्या थापण्यापर्यंत.

शिवगंगा पडद्याशेजारी उभी राहून बबनरावांच्या तोंडाकडे बघत होती. या तोंडासाठी तिनं सगळं केलं होतं. ते तोंड आधी लाल झालं, मग राखेसारखं. हार काढायचंही त्यांना सुचलं नाही. तिला बरं वाटलं. इतकं बरं तिला कोणत्याही पुरस्कारानं वाटलं नव्हतं. आता ओरडा होईल, कुणी चप्पल भिरकावेल, म्हातारा हात जोडेल, याची ती वाट बघत होती.

ओरडा झाला नाही. तिसऱ्या रांगेतून बसम्मा उठली. मामांनी हात धरला तो सोडवून घेतला, आणि खुर्च्यांचा आधार घेत बबनरावांपुढं येऊन उभी राहिली.

"चेअरमन," ती म्हणाली, "त्यानं पानी मागितलं का?"

सगळं कार्यालय ऐकत होतं. बबनरावांनी मान वर केली नाही.

"सांगा की. बारापसून चारपोतर बसलता म्हंता. पानी मागितलं का?"

"मागितलं," ते पुटपुटले.

"दिलं का?"

"शॉक लागलेल्याला देऊ ने म्हंत्यात," ते म्हणाले.

"भाईर पाट वाहत होता," बसम्मा म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता. "उसाला."

ती वळली आणि दाराकडे चालायला लागली. वाटेत लेकीजवळून गेली, पण थांबली नाही. शिवगंगानं ते रेकॉर्डिंग शंभरदा तरी ऐकलं असेल. कुठं थांबवायचं, कुठला श्वास ठेवायचा, सगळं तिनं बसवलं होतं. हा प्रश्न तिच्या डोक्यात एकदाही आला नव्हता.

बसम्माच्या मागं मामा गेले. मग सटवाची सून. मग एक एक करत रांगा रिकाम्या व्हायला लागल्या. कुणी बबनरावांना काही बोललं नाही. मांडवात पानं मांडलेली होती, बुंदीच्या पराती भरलेल्या होत्या, आचारी पळ्या हातात घेऊन उभे होते. दोन-तीन लेकरांनी तिकडं मान वळवली तर आयांनी दंडाला धरून ओढत नेली. त्या उन्हाळ्यात ज्यांच्या घरी एक वेळचं धड शिजत नव्हतं, ती माणसंसुद्धा तशीच उपाशी चालत गावाकडं गेली.

गुन्हा नोंदला गेला. वाहिनीनं शिवगंगावर कराराचा भंग केला म्हणून ठपका ठेवला आणि मालिका तिच्याकडून काढून घेतली. 'ठाणे अंमलदार' दुसऱ्या कंपनीकडे गेली, तिथं दोनच महिन्यांत एक दारुडा विहिरीत पडला. शिवगंगानं अंधेरीचं ऑफिस आवरलं आणि चौसाळ्याला आली. बद्रीनाथनं निवडणुकीतून माघार घेतली. बबनरावांना वयामुळे जामीन मिळाला, पण दर तारखेला माजलगावच्या कोर्टात यावं लागायचं. शिवगंगा एकही तारीख चुकवायची नाही. त्यांच्या समोरच्या बाकावर बसायची. बोलायची काहीच नाही. पुकारा होईपर्यंत नुसती त्यांच्याकडे बघत राहायची. म्हातारा हळूहळू जागा बदलून पाठमोरा बसायला लागला, तशी तीही जागा बदलायला लागली.

आईनं तिला त्या दिवसाबद्दल एकदाच विचारलं. "मला आधी सांगावं वाटलं न्हाई का गं?"

"तुला बरं वाटेल असं वाटलं होतं."

"वाटलं की," बसम्मा म्हणाली. "पन माझा नवरा मेला त्या दिशी. चारचौघांत. आधी घरात ऐकवलं असतंस तर घरात रडले असते."

शिवगंगानं मान खाली घातली. चुकलं, असं तिनं म्हटलं, आणि ते मनापासून म्हटलं. पण त्याच आठवड्यातल्या तारखेला ती पुन्हा त्या बाकावर जाऊन बसली.

निकाल लागण्याआधीच बबनराव अंथरुणाला खिळले. बद्रीनाथ गाडी घेऊन चौसाळ्याला आला. आजोबांना शेवटचं भेटायचंय, माफी मागायचीय, असं म्हणाला. पोरगा वाईट नव्हता. बोलताना त्याचे डोळे भरून आले होते.

"कुणाची माफी?" शिवगंगानं विचारलं.

"तुमची. मावशींची."

"ज्याची मागायची तो तर नाही. आणि आमच्याकडे ती नाही."

"मरतंय मानूस, ताई."

"मरू दे," ती म्हणाली.

आतून बसम्मा काही बोलेल म्हणून बद्रीनाथ थोडा वेळ ताटकळला. बसम्मा बोलली नाही. तिसऱ्या दिवशी निरोप आला. शिवगंगाला बरं वाटलं, आणि हे बरं वाटणं तिनं मामांपासून, आईपासून, कुणापासूनच लपवलं नाही. जुना पंचनामा मात्र सरकारी दप्तरात तसाच राहिला. आरोपी मयत, प्रकरण बंद, असा शेरा बसला. तो दुरुस्त व्हावा म्हणून तिनं हायकोर्टात अर्ज केला. तो अजून चालू आहे.

मंगल कार्यालयातली गोष्ट एव्हाना जिल्हाभर झाली होती. एका सकाळी दुकानापुढं एक बाई येऊन उभी राहिली. चकलांब्याची, छबुबाई नाव. पायात चप्पल नव्हती. पदराच्या गाठीतून तिनं घड्या पडलेला एक झेरॉक्स काढला. तिचा नवरा ऊसतोडीला गेला होता, तिकडून त्याचं प्रेत आलं आणि सोबत हा कागद.

"मला वाचाया येत न्हाई," ती म्हणाली. "फडात गाडी उलटली म्हन. ह्यात काय लिव्हलंय तेवढं सांगा."

शिवगंगानं तिला आत घेतलं, बाकावर बसवलं. कागद उलगडला. पहिल्या परिच्छेदातून दुसऱ्यात गेली आणि चौथ्या ओळीवर, 'मयत दारूच्या नशेत' या शब्दांपाशी थांबली. बसम्मानं आतून चहा आणून छबुबाईच्या हातात दिला.

"काय लिव्हलंय?" छबुबाईनं विचारलं.

"खोटं लिहिलंय," शिवगंगा म्हणाली. तिनं वही ओढली, पेनाचं टोपण काढलं. "आता मला सांगा, हे लिहून घेताना तिथं कोण कोण उभं होतं? नावं सांगा. सगळ्यांची."